क्रिया कर्त्याकडे परत येते तेव्हा

मराठीतील 'आपण' व 'स्वतः' ही आत्मवाचक सर्वनामे तुमच्या परिचयाची आहेत. 'तो स्वतःला दोष देतो' हे वाक्य पाहा. दोष देणारा तोच आणि ज्याला दोष दिला जातो तोही तोच. क्रिया कर्त्यापासून निघते व कर्त्याकडेच परत येते. हीच कल्पना इंग्रजी व स्पॅनिश या भाषांत कशी व्यक्त होते, ते या पाठात पाहू.

इंग्रजीत त्यासाठी 'मायसेल्फ', 'हिमसेल्फ', 'हर्सेल्फ' अशी सर्वनामे आहेत. नोकरीच्या मुलाखतीत आपल्याकडील अनेक जण 'मायसेल्फ सुनील' अशी स्वतःची ओळख करून देतात. या चुकीला कोणी हसू नये. मात्र ती चूक का ठरते, हे समजून घ्यावे. आत्मवाचक सर्वनाम ज्याच्याकडे निर्देश करते, तो कर्ता आधी वाक्यात असावा लागतो. येथे ना कर्ता आहे, ना क्रियापद. म्हणून 'आय अ‍ॅम सुनील' किंवा 'माय नेम इज सुनील' असे म्हणावे.

गंमत अशी, की स्पॅनिशमध्ये नाव सांगताना आत्मवाचक रूपच योजतात. 'मे यामो आना' म्हणजे शब्दशः 'मी स्वतःला आना म्हणवते'. मग येथे कर्ता कोठे आहे? तो 'यामो'मधील शेवटच्या 'ओ' या प्रत्ययात आहे. मराठीत 'जाईन' म्हटले की 'मी' वेगळा सांगावा लागत नाही, तसेच हे.

स्पॅनिशमधील ही सर्वनामे अशी: मे, ते, से, नोस, ओस, से. तो, ती, ते, त्या या सर्वांसाठी एकच 'से' चालतो. शब्दकोशातही आत्मवाचक क्रियापदाच्या शेवटी 'से' जोडलेला आढळतो. 'लाबार' म्हणजे धुणे. 'लाबार्से' म्हणजे स्वतःचे अंग किंवा हात धुणे. 'मे लाबो लास मानोस' म्हणजे 'मी हात धुतो'. इंग्रजीला येथे 'माय हँड्स' म्हणावे लागते. स्पॅनिशमध्ये हात कोणाचे, हे 'मे'नेच सांगितलेले असते. मराठीत तर तेवढेही लागत नाही.

मात्र प्रत्येक 'से'चे भाषांतर 'स्वतःला' असे करू नये. 'दोर्मिर' म्हणजे झोपणे, तर 'दोर्मिर्से' म्हणजे झोप लागणे. 'ईर' म्हणजे जाणे. 'ईर्से' म्हणजे निघून जाणे. येथे 'से'मुळे क्रियेची छटा बदलते.

आता हातातून काचेचा पेला निसटला, अशी कल्पना करा. इंग्रजी भाषक सहज म्हणतो, 'आय ड्रॉप्ड द ग्लास', म्हणजे 'मी पेला पाडला'. त्यात त्याला कबुलीजबाब द्यायचा नसतो. त्याच्या भाषेची रीतच तशी आहे. स्पॅनिश भाषक म्हणतो, 'से मे कायो एल बासो'. या वाक्यात कर्ता 'मी' नसून पेला आहे. 'मे' हे येथे आत्मवाचक नाही. ज्याच्या बाबतीत ही घटना घडली, त्याचा ते निर्देश करते. आपण मराठीत 'माझ्या हातून पेला पडला' असे म्हणतो, त्याच्या हे अगदी जवळचे आहे. दोन्हींत माणूस उपस्थित आहे, पण हेतू नाही. मुद्दाम पाडला असेल, तर दोन्ही भाषांत वाक्य बदलावे लागते.

पाठगत प्रश्न
१. 'मायसेल्फ सुनील' हे वाक्य सदोष का आहे?
२. 'मी पेला पाडला' व 'माझ्या हातून पेला पडला' या वाक्यांतील कर्ते ओळखा.
३. 'झोपणे' व 'झोप लागणे' यांतील फरक दाखवणारी दोन वाक्ये लिहा.