बाहेर खेळा, मेंदू ताजा ठेवा



आपला मेंदू डोक्याच्या कवटीत असतो. मोठ्या माणसाच्या मेंदूचे वजन साधारण १४०० ग्रॅम भरते. पण शरीराला मिळणाऱ्या प्राणवायूपैकी जवळजवळ पाचवा हिस्सा तो एकटाच वापरतो!

अभ्यास करताना आपण लक्ष एका जागी धरून ठेवतो. खूप वेळ गणिते केली की हे लक्ष थकते. मग पुस्तक समोर असते, पण डोक्यात काही शिरत नाही. झाडे, पाखरे, ढग बघताना मात्र लक्ष ओढून लावावे लागत नाही. ते आपोआप लागते. तेवढ्यात थकलेल्या लक्षाला विसावा मिळतो, असे शास्त्रज्ञ सांगतात.

गुरुजींनी आम्हाला एक प्रयोग सांगितला. अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठातल्या शास्त्रज्ञांनी तो २००८ साली प्रसिद्ध केला. त्यांनी काही जणांना सुमारे ५० मिनिटे चालायला लावले. एकदा झाडीतून आणि एकदा शहरातल्या गर्दीच्या रस्त्याने. चालून आल्यावर आकडे उलटे म्हणायला सांगितले. म्हणजे ५-२-९ ऐकले की ९-२-५ म्हणायचे. झाडीतून आल्यावर त्यांना ते जास्त चांगले जमले. रस्त्याने आल्यावर तसा फरक पडला नाही. थंडीत झाडीतून फिरायला मजा आली नाही, तरीही फायदा झालाच!

बाहेर पळालो की हृदय जोरात चालते आणि मेंदूला रक्त जास्त मिळते. दिवसाचा उजेड मिळाला की रात्री झोप चांगली लागते, आणि झोपेत वाचलेले पक्के होते. मात्र दुपारच्या रणरणत्या उन्हात खेळू नये.

आता आईवडिलांना एक सांगायचे आहे. शाळा सुटली की आमच्या आळीतले मुलगे दप्तर टाकून लगोरी खेळायला पळतात. आम्ही मुली भांडी घासतो, धाकट्या भावंडांना सांभाळतो. अंधार पडल्यावर पुस्तक घेतले की पेंग येते. आई म्हणते, "मुलीच्या जातीनं उंडगून काय करायचंय?" पण मेंदू मुलींनाही असतो ना! काम आम्ही करूच. फक्त ते भावालाही वाटून द्या, आणि रोज अर्धा तास दोघांनाही बाहेर सोडा. मग अभ्यास कसा होतो ते बघा.

– एक विद्यार्थिनी, इयत्ता ४ थी