चमकणारं पाणी विकू नका, सफर विका

व्हिडिओमध्ये आपण खाडीतल्या संध्याकाळच्या कयाक सफरीचा धंदा बघितला. आज एकच प्रश्न: गिऱ्हाइकाला शब्द कशाचा द्यायचा?

थंडीत कोकण किनाऱ्यावर काही रात्री पाणी निळं चमकतं. हे नॉक्टिलुका नावाचे सूक्ष्मजीव. पाणी हललं की ते उजळतात. पण ते कधी येतील, हे आपल्या हातात नाही. 'चमक दाखवतो' म्हणून पैसे घेतले आणि पाणी काळंच राहिलं, तर गिऱ्हाईक पैसे परत मागणार.

वेंगुर्ल्याच्या मांडवी खाडीत स्वामिनी महिला बचत गट २०१७ पासून कांदळवन सफर चालवतो. होडी वल्ह्याची, माहिती सांगणाऱ्या गटातल्याच महिला. कांदळवन रोज जागेवर असतं. खात्रीचा माल तो!

सावर्ड्यातून जाऊन वाशिष्ठीच्या खाडीत असं काही करायचंय? आधी मेरीटाइम बोर्ड आणि वनविभागात परवानगीची चौकशी करा. वेळ भरती बघून ठरवा, ओहोटीला कयाक चिखलात रुतते. दरात गाईड, लाइफ जॅकेट, कांदळवनाची ओळख धरा. अमावस्येच्या आसपास अंधार जास्त, म्हणून चमक दिसायची शक्यता जास्त. पण ती दिसली तर बोनस.

गृहपाठ: तुमच्या धंद्यात खात्रीचं काय, नशिबाचं काय? दोन रकाने करा. दर फक्त पहिल्या रकान्यावर लावा.