करारातलं शेवटचं पान

अगं, केळी पिकवायच्या रायपनिंग चेंबरच्या यंत्रांचा करार पाठवलास तो नीट वाचला. दर, हप्ते, वॉरंटी सगळं तू तपासलंयस, दिसतंय ते. पण शेवटच्या पानावरचं कलम 'नेहमीचंच असतं' म्हणून सोडून दिलंस, आणि माझा जीव तिथेच अडकलाय. तिथे लिहिलंय, 'वाद झाल्यास उभय पक्षांना लवाद कायद्यानुसार दाद मागता येईल.' तू म्हणतेस, लवादाची सोय आहे, कोर्टाची पायरी चढायला नको. मला तसं वाटत नाही.

लवाद हा शब्द कागदावर आला म्हणजे लवाद करार झाला असं नसतं. १९९६ च्या लवाद कायद्याचं सातवं कलम एवढंच विचारतं, की वाद लवादाकडे सोपवायचा असं दोघांनी आजच लेखी ठरवून टाकलंय का? ठरलेला नमुना नाही, स्टँपपेपरवरचंच वाक्य हवं असंही नाही; पत्रांच्या देवाणघेवाणीतूनही करार होतो. पण ठरलेलं असायला हवं. 'येईल', 'हवं असल्यास', 'दोघांची संमती झाल्यास' असं असलं, की ठरायचं राहूनच गेलं. मग भांडण झाल्यावर पुन्हा समोरच्याची संमती मागायची, आणि पैसे अडवून बसलेला माणूस ती कशाला देईल?

वेलिंग्टन असोसिएट्सच्या प्रकरणात २००० साली सर्वोच्च न्यायालयात हेच झालं. दोघांनी एकेक लवाद नेमायचा, त्यांनी पंच निवडायचा, बैठक मुंबईला, इतका तपशील कलमात होता. तरी वाद लवादाकडे 'नेता येईल' असं लिहिलेलं, म्हणून तो लवाद करार ठरला नाही. जुलै २०२५ मध्ये ईस्टर्न कोलफिल्ड्सच्या कंत्राटातही तेच. तिथलं कलम तर तुझ्या कलमाची सख्खी बहीण वाटावं असं आहे: वादाचं निवारण १९९६ च्या कायद्यानुसार 'मागता येईल'. न्यायालयाने नाही म्हटलं.

आता उलटं उदाहरण, आपल्या जवळचं. जळगाव, धुळे, नंदुरबार तिन्ही जिल्हे उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाखाली येतात. लवाद नेमून मागायचा तर अजिंठ्याचा नाहीतर कन्नडचा घाट चढून तिथेच जावं लागतं. त्याच खंडपीठात समर्थ बिल्डर्सचं प्रकरण गेलं होतं. औरंगाबादचा भूखंड विकसित करण्याचा २०१४ चा करार. काम मुदतीत झालं नाही ही जागामालकाची तक्रार, आणि त्याने लवाद मागितला. कलमात 'निर्णय अंतिम व बंधनकारक राहील' हे शब्द नाहीत म्हणून खंडपीठाने अर्ज फेटाळला. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. वाद लवादाकडे 'सोपवला जाईल', एकमताने एक, नाही जमलं तर दोघांचे दोन आणि त्यांनी निवडलेला तिसरा, आणि सगळं १९९६ च्या कायद्यानुसार. एवढं स्पष्ट असताना दोन शब्द राहिले म्हणून हेतू पुसला जात नाही, असं न्यायालयाने म्हटलं. मालक जिंकला खरा, पण बघ ना, करार २०१४ चा आणि उत्तर मिळालं २०२२ ला! तेही मूळ वादाचं नाही, तो ऐकायचा कोणी याचं. या आठ वर्षांपायीच मी तुझ्या मागे लागलेय.

तुझे दीर सरकारी कामं घेतात, त्यांनाही सांग. 'अभियंत्यांचा निर्णय अंतिम राहील' हे वाचून कंत्राटदार निर्धास्त होतात. पण खात्याचा अधिकारी आपल्याच कामावर देखरेख करताना जो निर्णय देतो, तो लवादाचा निवाडा नव्हे. निवाडा म्हणजे तिऱ्हाइताने दोन्ही बाजूंचं म्हणणं आणि पुरावा ऐकून दिलेला. कर्नाटकातल्या कंत्राटांच्या बाबतीत २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने अशा कलमाला लवाद करार मानलं नाही.

तुला लवाद हवाच आहे का, हेही आधी मनाशी ठरव. लवादाची फी दोघांनी भरायची असते, आणि रक्कम लहान असेल तर ती जड जाते. पण तुझ्या यंत्रांची किंमत मोठी आहे, त्यात हंगामाच्या तोंडावर चेंबर बंद पडलं तर केळी थांबत नाहीत. म्हणून मी तरी लवाद घेईन, मात्र असा:

'या करारातून किंवा त्यासंबंधी उद्भवणारा कोणताही वाद १९९६ च्या लवाद कायद्यानुसार एका लवादाकडे सोपवला जाईल. लवाद उभय पक्षांच्या संमतीने नेमला जाईल. त्याचा निवाडा दोघांवर बंधनकारक राहील. लवादाचं स्थान जळगाव राहील.'

दोन गोष्टींवर अडून बस. 'लवाद कंपनी नेमेल' हे मान्य करू नकोस. एकट्या बाजूने लवाद नेमण्याला सर्वोच्च न्यायालयाने २०१९ पासून आणि पुन्हा २०२४ मध्ये घटनापीठाने नकार दिलाय. आणि स्थान पुणे मान्य केलंस, तर निवाड्याला आव्हान द्यायलाही पुण्याच्याच कोर्टात जावं लागेल. कंपनी तिथली आहे, ते तसा आग्रह धरतीलच. तू सावद्याहून किती फेऱ्या मारणार?

हे कलम पक्कं झालं आणि तरी उद्या त्यांनी दिवाणी दावा लावलाच, तर वकिलाला लगेच सांगायचं. लवाद करार आहे हा अर्ज मूळ वादावरचं पहिलं म्हणणं देताना किंवा त्याआधीच द्यावा लागतो. नंतर तो हक्क हातचा जातो.

त्यांच्या माणसाला आजच मेल टाक, फोनवर नको. कलम बदलायला नाहीच म्हणाले, तर लवादाचं ते वाक्य पूर्ण खोडायला लाव आणि वाद जळगावच्या न्यायालयात चालेल एवढं लिहून घे. खोडलेल्या जागी दोघांच्या सह्या हव्यात. नवा मसुदा आला की सहीआधी मला पाठव.