घर बांधण्यापूर्वी बसून हिशेब करा

शास्त्रपाठ : नहेम्या ५:१-१३, लूक १४:२८-३०



बुरूज बांधू इच्छिणाऱ्या मनुष्याचा दाखला आपणां सर्वांस ठाऊक आहे. त्याने आधी बसून खर्चाचा अंदाज केला नाही, तर पाया घालून झाल्यावर काम अडते आणि येणारेजाणारे त्यास हसतात. प्रभूने हा दाखला शिष्यत्वाची किंमत समजावी म्हणून दिला, हे खरे. तथापि ऐकणारे लोक गवंडी, शेतकरी व मजूर होते, आणि बांधकामाआधी हिशेब करणे हा शहाणपणा आहे, हे त्यांस पटत होते म्हणूनच तो दाखला त्यांच्या मनास लागला. आज आमच्या खेड्यांतील कित्येक बंधू कर्ज काढून घर बांधीत आहेत. ते बसतात खरे, पण हिशेब हप्त्याचा करतात, कर्जाचा करीत नाहीत. ह्या दोहोंत काय अंतर आहे, ते ह्या पाठात पाहावयाचे आहे.

१. एका बंधूची वही

गेल्या पावसाळ्यात आमच्या मंडळीतील एक बंधू आपल्या पत्नीसह माझ्याकडे आले. त्यांनी पाच वर्षांपूर्वी घरासाठी १०,००,००० रुपये कर्ज घेतले होते. व्याज दरसाल दरशेकडा ९, दर कायम, मुदत २० वर्षे, हप्ता दरमहा ८,९९७ रुपये. एकही हप्ता त्यांनी चुकवला नव्हता. पाच वर्षांत त्यांनी सुमारे ५,४०,००० रुपये भरले होते. आता ४,६०,००० उरले असतील, अशा समजुतीने ते बँकेत गेले, तो बाकी निघाली ८,८७,०७०.

"पाळकसाहेब, बँकेने आम्हांस फसवले," असे ते म्हणाले. बाईंच्या डोळ्यांत पाणी होते. हप्ता चुकू नये म्हणून त्यांनी कानांतले सोने मोडले होते. मी म्हटले, "कागद इकडे द्या. आपण तिघे मिळून पाहू."

आम्ही कंदिलाखाली नव्हे, पण तितक्याच शांतपणे दिव्याखाली बसलो आणि पहिल्या महिन्यापासून आरंभ केला. दहा लाखांवर शेकडा ९ प्रमाणे वर्षाचे व्याज ९०,००० रुपये, म्हणजे महिन्याचे ७,५००. हप्ता ८,९९७ भरला. त्यांतून आधी व्याजाचे ७,५०० गेले. मुद्दलात पडले केवळ १,४९७. दुसऱ्या महिन्यास मुद्दल ९,९८,५०३ राहिले; व्याज ७,४८९ आणि मुद्दलात १,५०८. अशा रीतीने दर महिन्यास व्याज थोडे उतरते व मुद्दलाचा भाग थोडा चढतो. पहिल्या वर्षी भरलेल्या १,०७,९६७ रुपयांपैकी मुद्दलात १८,७२७ एवढेच जमा होतात. पाच वर्षांत १,१२,९३० जमा होतात. बँकेची बाकी बिनचूक होती.

बंधूंनी पुष्कळ वेळ वहीकडे पाहिले आणि मग विचारले, "मग अर्धे कर्ज फिटणार केव्हा?" हिशेब सांगतो की, मुद्दल अर्धे होण्यास १४ वर्षे लागतात. वीस वर्षांचे अर्धे दहा, ही आपली समजूत येथे लागू पडत नाही. फसवणूक कोणी केली नव्हती. परंतु सही करतेवेळी ही गोष्ट त्यांस कोणी सांगितली नव्हती, व त्यांनीही विचारली नव्हती.

२. मुदत लांबवली म्हणजे काय होते

हप्ता लहान असावा असे प्रत्येकास वाटते, आणि मुदत वाढवली म्हणजे हप्ता लहान होतो. परंतु त्याचे मोल पाहा. दहा लाख रुपये, दरसाल दरशेकडा ९, असे धरून :

१० वर्षे : हप्ता १२,६६८, एकूण व्याज सुमारे ५,२०,०००.
१५ वर्षे : हप्ता १०,१४३, एकूण व्याज सुमारे ८,२६,०००.
२० वर्षे : हप्ता ८,९९७, एकूण व्याज सुमारे ११,५९,०००.
३० वर्षे : हप्ता ८,०४६, एकूण व्याज सुमारे १८,९७,०००.

वीस वर्षांऐवजी तीस वर्षे केली, तर हप्ता ९५१ रुपयांनी उतरतो, परंतु व्याज ७,३७,००० रुपयांहून अधिक वाढते. वीस वर्षांच्या कर्जात प्रत्येक रुपयाचे २ रुपये १६ पैसे होतात. म्हणून कर्जाच्या पैशांतून संगमरवरी फरशी किंवा वास्तूचे जेवण करणाऱ्याने मनात हे धरावे की, ४०,००० रुपयांचा तो खर्च त्यास ८६,००० रुपयांस पडणार आहे. विम्याचा हप्ता कर्जातच मिळवून दिला, तर त्यासही हाच नियम लागतो. विमा घेऊ नये, असे मी म्हणत नाही. कर्ता पुरुष किंवा कर्ती बाई गेली तर तो कुटुंबास आधार होतो. पण त्याची रक्कम रोख भरता आली तर उत्तम.

३. दर कोणता, हे नीट ओळखा

खेड्यात व्याज दरमहा शेकड्याने सांगतात. "शेकडा दोन" हे ऐकण्यास थोडे वाटते, पण ते वर्षाचे शेकडा २४ होय. नहेम्याच्या पाचव्या अध्यायात ज्या शंभराव्या हिश्शाचा उल्लेख आहे, तो अनेक टीकाकार दरमहा शेकडा एक, म्हणजे वर्षाचा शेकडा १२, असा समजतात. तेवढ्या दरानेही यरुशलेमातील गरिबांची शेते, द्राक्षमळे व घरे गहाण पडली आणि त्यांची मुले दास्यात गेली.

दुसरी गोष्ट, व्याज घटत्या बाकीवर आहे की मूळ रकमेवर शेवटपर्यंत सारखेच आहे, हे विचारावे. दुसऱ्या प्रकारास सावकार व काही संस्था फ्लॅट दर म्हणतात. एक लाख रुपये, पाच वर्षे, शेकडा १२, एवढेच दोघांनी सांगितले असे समजा. घटत्या बाकीवर हप्ता २,२२४ येतो व व्याज सुमारे ३३,५०० होते. फ्लॅट दराने हप्ता २,६६७ येतो व व्याज ६०,००० होते. शब्द तोच, शेकडा बारा. पण दुसऱ्याचा खरा दर शेकडा २० हून अधिक आहे.

तिसरी गोष्ट, दर कायम आहे की बदलता. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या बदलत्या दराच्या नव्या गृहकर्जांचा दर बाहेरच्या एखाद्या मापाशी बांधलेला असतो. बहुधा ते माप म्हणजे रेपो दर, ज्या दराने रिझर्व्ह बँक इतर बँकांस पैसा देते. मे २०२० मध्ये तो शेकडा ४ झाला होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० झाला. आता पाहा : शेकडा ७ दराने दहा लाखांचा वीस वर्षांचा हप्ता ७,७५३ असतो. दर ९.५० झाला, तर पहिल्या महिन्याचे व्याजच ७,९१७ होते. म्हणजे हप्ता भरूनही मुद्दल घटत नाही, उलट वाढते. कित्येकांचा हप्ता तसाच ठेवून मुदत मुकाट्याने वाढवली गेली, आणि त्यांस ते फार उशिरा कळले. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने असा नियम केला की, दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडेथोडे करावे, हे ऋणकोस विचारले पाहिजे. तेव्हा बँकेचे पत्र अथवा निरोप आला, तर तो न वाचता ठेवू नका.

४. गहाण म्हणजे काय

आमचे वडील नजरगहाण हा शब्द वापरीत. वस्तू आपल्या ताब्यात राहते, पण तिजवर सावकाराची नजर असते. गृहकर्जाचे स्वरूप हेच आहे. आपण घरात राहतो, पण मूळ कागद बँकेकडे असतात. २०२० साली आरंभलेल्या स्वामित्व योजनेत गावठाणातील घरांची मोजणी होऊन पुष्कळांस सनद व मिळकत पत्रिका मिळत आहे. ही मोठी चांगली गोष्ट आहे. परंतु ज्या कागदाने घर आपले ठरते, त्याच कागदाने ते गहाणही ठेवता येते, हे विसरू नये.

हप्ता ९० दिवसांहून अधिक थकला, म्हणजे बँक ते कर्ज बुडीत होऊ लागलेले समजते. मग २००२ च्या कायद्याप्रमाणे ६० दिवसांची नोटीस देऊन, कोर्टात दावा न लावता, ती घराचा ताबा घेण्यास निघू शकते. शेतजमिनीस हा कायदा लागत नाही. पण वसुलीचे इतर मार्ग खुले असतातच.

लेवीयच्या २५ व्या अध्यायात अशी तरतूद आहे की, तटबंदी नसलेल्या खेड्यांतील घरे शेतांप्रमाणे समजावी. ती सोडवून घेता यावी, आणि योबेल वर्षी ती मूळ धन्याकडे परत जावी. देवाने खेड्यातल्या माणसाचे छप्पर एवढे मोलाचे मानले. आमच्या कायद्यात योबेल वर्ष नाही. येथे कर्ज फिटेल तेव्हाच घर सुटेल. म्हणून आमचा योबेल आम्हांसच हिशेबाने जवळ आणावा लागतो.

५. तो जवळ कसा आणावा

पहिले, गरजेपुरतेच घ्या. शहरात भाडे भरणाऱ्याने भाडे आणि हप्ता ह्यांची तुलना अवश्य करावी. त्यास कर्ज लाभाचे ठरू शकते. पण ज्याची जागा स्वतःची आहे, त्याने दोन खोल्या आज व दोन पुढे बांधल्या, तर त्यात कमीपणा नाही.

दुसरे, सही करण्याआधी मुख्य गोष्टींचे पत्रक मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांस, आणि त्यांत गृहकर्ज येतेच, ते ऋणकोस समजेल अशा भाषेत देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व फी धरून पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचे कोष्टक असते. हप्त्यास महिन्यांनी गुणा, आणि आलेला आकडा घरातल्या सर्वांस मोठ्याने वाचून दाखवा. नहेम्यापुढे जी ओरड झाली, तीत स्त्रियांचाही आवाज होता. कर्जाचे ओझे त्याही वाहतात. हिशेबासही त्या बसल्या पाहिजेत.

तिसरे, जे जादा भरावयाचे ते आरंभी भरा. वर सांगितलेल्या कर्जात पहिल्या महिन्यापासून १,००० रुपये जादा भरले, तर ते साडेपंधरा वर्षांत फिटते आणि सुमारे ३,००,००० रुपये वाचतात. तेच हजार सहाव्या वर्षापासून भरू लागले, तर सुमारे १,५४,००० वाचतात. बदलत्या दराचे गृहकर्ज व्यक्तीने मुदतीआधी फेडल्यास बँकेस दंड घेता येत नाही. कायम दराच्या कर्जात मात्र करारनामा पाहावा.

चौथे, दुसऱ्यास जामीन राहताना दहा वेळा विचार करा. १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे जामीनदाराची जबाबदारी सामान्यतः ऋणकोइतकीच असते. नीतिसूत्रांच्या २२ व्या अध्यायात जामीन राहणाऱ्याचे अंथरूण काढून नेले जाण्याचा धोका दाखवला आहे. उपदेशक बंधूंनो, प्रेमास्तव सही करण्याऐवजी प्रेमास्तव हिशेब करून द्या.

पाचवे, कर्ज फिटले म्हणजे कागद परत घ्या आणि बोजा उतरवून घ्या. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमाप्रमाणे ३० दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. बँकेच्या दोषाने उशीर झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते.

६. समाप्ती

कर्ज घेणे हे पाप आहे, असे शास्त्र सांगत नाही. पण ऋणको सावकाराचा दास होतो, असा इशारा नीतिसूत्रांत आहे. हे दास्य किती वर्षांचे, हे ठाऊक नसणे हीच मोठी हानी. त्या बंधूंच्या करारनाम्यात जादा भरण्यास दंड नव्हता. बाई म्हणाल्या, "शेळ्यांचे महिन्याला हजार तरी सुटतात, ते ह्यातच घालू." आम्ही पुन्हा मांडून पाहिले : उरलेल्या १८० महिन्यांऐवजी १४७ महिने. तेहतीस महिने कमी झाले. त्यांनी तो आकडा वहीच्या पुठ्ठ्यावर लिहिला आणि आम्ही प्रार्थना केली. आले तेव्हा ते रागावलेले होते. गेले तेव्हा ओझे तेच होते, पण त्याची लांबी त्यांस कळली होती.

मंडळीत विचारण्यास प्रश्न

१. नहेम्याच्या काळी लोकांनी घरे कोणत्या कारणांनी गहाण ठेवली? आमची कारणे तीच आहेत काय?
२. आपल्या कर्जाचा हप्ता किती, हे सर्वांस ठाऊक असते. एकूण किती रुपये भरावयाचे आहेत, हे किती जणांस सांगता येईल?
३. मंडळीतील एखाद्या कुटुंबाचा हप्ता थकला, तर नोटीस येण्याआधी ते आम्हांस सांगू शकेल, असे प्रेम आम्हांमध्ये आहे काय?