नचिकेत्याचा पहिला वर

आईबाप देवासमान, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो. परंतु एखाद्या घरी वडील केवळ स्वतःच्या मोठेपणातच गुरफटलेले असतात. मुलाचे यश ते आपले म्हणून मिरवितात, अपयश मात्र त्याच्या माथी मारतात. एकाची स्तुती करतात ती दुसऱ्यास टोचण्यासाठी. आणि चूक दाखविली की आठ-आठ दिवस अबोला धरतात. अशा घरातील मुलाने काय करावे? स्वतः मुलाबाळांचे धनी झालेले कित्येक सद्गृहस्थ वडिलांच्या एका शाबासकीसाठी आजही मनात झुरत असतात. ही व्यथा खरी आहे आणि ती बोलून दाखविणे हे पाप नव्हे.

या प्रश्नावर कठोपनिषदातील कथा फार उपयोगी पडते. वाजश्रवसाने यज्ञात सर्वस्वदानाचा संकल्प केला, पण प्रत्यक्षात दिल्या त्या भाकड, जराजर्जर गाई. हे पाहून नचिकेत्याने, ‘मला कोणाला देता?’ असे पुन्हा पुन्हा विचारले. पिता संतापला आणि मुलास मृत्यूच्या हवाली करून मोकळा झाला. यमाच्या दारी तीन रात्री उपाशी राहिलेल्या त्या बालकास तीन वर मिळाले. पहिल्या वराने त्याने पित्याचा क्रोध शमावा, त्याचे मन शांत व्हावे, असे मागितले. परंतु पुढचे दोन वर त्याने पित्यावर खर्च केले नाहीत. दुसऱ्याने त्याने स्वर्ग्य अग्नीची विद्या मागितली व तिसऱ्याने मरणापलीकडचे रहस्य. पित्याचे हित चिंतिणे हे त्याचे कर्तव्य होते. पित्याची मर्जी सांभाळण्यात सारे आयुष्य वेचणे हे नव्हे.

हेच तत्त्व गीतेच्या दुसऱ्या अध्यायात कर्म व फल यांच्या विवेकातून येते. वडिलांना वेळेवर जेवण, औषध, निवारा व आदराचा शब्द देणे हे आपले कर्म. त्यांनी प्रसन्न होणे हे फल, आणि ते आपल्या हाती नाही. मातापित्यांच्या निर्वाहाविषयीचा २००७ सालचा कायदादेखील अपत्यांकडून अन्न, वस्त्र, निवारा व वैद्यकीय उपचार यांचीच अपेक्षा करतो. मर्जी राखण्याची सक्ती कोणता कायदा करणार? जो मुलगा फलाची आशा सोडून सेवा करतो, त्याला टोमणा लागतो खरा, पण तो त्याने मोडून पडत नाही.

मात्र सेवा म्हणजे निमूटपणे सर्व सोसणे नव्हे. सतराव्या अध्यायात वाणीचे तप सांगितले आहे: बोलणे दुसऱ्यास न दुखविणारे हवे, तसेच ते सत्य व हितकरही हवे. समजा, वडील नातवंडांदेखत सुनेचा पाणउतारा करीत आहेत. तेव्हा मुलाने आवाज न चढविता म्हणावे, “बाबा, आपले औषध मी वेळेवर आणीन, आपल्याला काही कमी पडू देणार नाही. परंतु मुलांसमोर त्यांच्या आईचा अपमान मी होऊ देणार नाही. असे बोलणे चालू राहिले तर मी सर्वांना घेऊन खोलीबाहेर जाईन.” आणि खरोखरच जावे, सायंकाळी औषध घेऊन पुन्हा यावे. आपल्या पत्नीचे व मुलांचे रक्षण हाही गृहस्थाचा धर्मच आहे. हात उगारण्यापर्यंत मजल गेली, तर वेगळे राहून सेवेची व्यवस्था करावी. अंतर ठेवणे म्हणजे त्याग करणे नव्हे.

येथे एक सावधगिरी हवी. सोळाव्या अध्यायातील दंभ, दर्प व अभिमान यांचे वर्णन वाचून ‘हे तर आमचेच वडील!’ असे म्हणण्याचा मोह होतो. तो अध्याय दुसऱ्यास नावे ठेवण्यासाठी नसून, आपले मुख पाहण्याचा आरसा आहे. आत्मप्रौढी हा स्वभाव की विकार, हे ठरविणे मनोवैद्याचे काम. घरातल्या भांडणात त्या विकाराचे नाव शस्त्रासारखे वापरू नये. उतारवयात स्वभाव एकाएकी पालटला असेल, तर स्मृतिभ्रंशासारखा आजार नाही ना, याची तपासणी अवश्य करावी. स्वतःचे मन खचत असेल, तर शासनाच्या टेली-मानस सेवेशी १४४१६ या दूरध्वनी क्रमांकावर बोलावे. त्यात कमीपणा मुळीच नाही.

साधकाने रात्री निजण्यापूर्वी स्वतःस तीन प्रश्न विचारावेत. आज माझे कर्तव्य झाले काय? माझ्या बोलण्यात द्वेष होता काय? आणि जी कठोरता मी सोसली, तीच मी आपल्या मुलांना देत नाही ना? तिसऱ्याचे उत्तर ‘नाही’ असे प्रामाणिकपणे देता आले, तर घराण्यातील एक जुने दुःख आपल्यापाशी थांबले असे समजावे. मग पित्यासाठी शांती मागावी आणि आपल्या वाटेने निश्चिंत चालावे.