गढ आणि गादी : दक्षिण कोसलाच्या उदयास्ताची मीमांसा

संस्कृतींच्या उदयास्ताची मीमांसा करणाऱ्या ग्रंथकारांनी आपले दाखले बहुधा विशाल साम्राज्यांतून घेतलेले आहेत. इब्न खल्दूनने १३७७ मध्ये ‘मुकद्दिमा’ रचला तेव्हा त्याच्या दृष्टीसमोर प्रामुख्याने उत्तर आफ्रिकेतील राजवंश होते. स्पेंग्लरने १९१८ व १९२२ मध्ये दोन खंड प्रसिद्ध करून संस्कृतीला सजीवाचा जीवनक्रम लावला. टॉयन्बीने १९३४ ते १९६१ या काळात बारा खंडांतून आव्हान व प्रतिसाद यांचे सूत्र मांडले. या सूत्रांचा कस पाहावयाचा तर ती एखाद्या मर्यादित प्रदेशाच्या इतिहासावर लावून पाहणे उपयुक्त ठरते. रतनपूर व रायपूर ही ज्याची दोन केंद्रे होती तो प्राचीन दक्षिण कोसल, म्हणजेच आजचा छत्तीसगढ, हा असा प्रदेश होय. मराठी अभ्यासकाला तर तो अधिकच विचारणीय आहे. कारण तेथील एका राजवटीचा शेवट मराठ्यांनी केला आणि पुढे त्यांच्याही सत्तेचा शेवट त्याच भूमीत झाला.

या प्रदेशाच्या इतिहासाची साधने सिद्ध करण्यात मराठी पंडितांचा वाटा मोठा आहे. महानदीकाठच्या सिरपूरचे उत्खनन मो. गं. दीक्षित यांनी १९५३ ते १९५६ या काळात केले व तेथील बौद्ध विहार उजेडात आणले. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी कलचुरी-चेदी संवताच्या कोरीव लेखांचा संग्रह १९५५ मध्ये संपादून प्रसिद्ध केला. सिरपूरचे विटांचे लक्ष्मणमंदिर महाशिवगुप्त बालार्जुनाची माता वासटा हिने उभारले. त्या पांडुवंशाची सत्ता लोपली आणि सिरपूरचे राजधानीपण गेले. परंतु राजधानी गेली म्हणून प्रदेश ओस पडला नाही. पुढे कलचुरींची एक शाखा प्रथम तुम्माण येथे व नंतर रतनपूर येथे स्थिरावली. जाजल्लदेव पहिला याचा रतनपूर येथील शिलालेख कलचुरी संवत ८६६ चा, म्हणजे इ. स. १११४ चा आहे. चौदाव्या शतकाच्या अखेरीस या घराण्याची दुसरी शाखा रायपूरकडे निघाली. त्या शाखेतील ब्रह्मदेवाचा रायपूर येथील लेख १४०२ चा आहे.

प्रश्न उपस्थित होतो तो येथेच. इब्न खल्दूनच्या मते राजवंशाचे बळ ‘असबिया’त, म्हणजे रक्तसंबंधातून व सहजीवनातून आलेल्या एकजुटीत असते. नगरातील सुखासीनतेने ती एकजूट झिजते आणि साधारणतः तीन पिढ्यांत, सुमारे १२० वर्षांत, राजवंशाचे आयुष्य सरते. रतनपूरचे कलचुरी मात्र सात शतकांहून अधिक काळ टिकले. त्यांच्या गादीला असामान्य पराक्रमी पुरुषांची अखंड परंपरा लाभली होती, असे कोरीव लेखांवरून दिसत नाही. मग या दीर्घायुष्याचे कारण कोणते?

ते कारण गादीत नसून गढात आहे. शिवनाथ नदीच्या उत्तरेस रतनपूरकडे १८ आणि दक्षिणेस रायपूरकडे १८ गढ, अशी परंपरेने सांगितलेली रचना होती. गढ हा केवळ किल्ला नव्हे. तो कारभाराचा घटक होता. आदर्श मानाने ८४ गावांचा एक गढ व १२ गावांचे एक ‘बारहों’. गढावर दिवाण, बारहोंवर दाऊ आणि गावावर गौंटिया, अशी ही उतरंड होती. सी. यू. विल्स यांनी १९१९ मध्ये बंगालच्या एशियाटिक सोसायटीच्या पत्रिकेत या रचनेचे विवेचन केले. तिची मुळे राजपूत राजांच्याही पूर्वीच्या आदिवासी संघटनेत आहेत, असे त्यांचे प्रतिपादन आहे. ते मान्य केले तर असे म्हणावे लागते की कलचुरींनी ही रचना निर्माण केली नाही. ते तिच्यावर येऊन बसले.

कोरीव लेखही या अनुमानास पुष्टी देतात. राजिम येथील ११४५ चा लेख रतनपूरच्या राजाचा नसून जगपाल या त्याच्या सामंताचा आहे आणि त्यात त्या सामंतकुळाचे पराक्रम वर्णिले आहेत. खल्लारी येथील १४१५ च्या लेखात नारायणाचे मंदिर बांधविणारा देवपाल हा तर जातीने मोची होता. ज्या समाजात कर्तृत्व राजवाड्याबाहेर इतके दूरवर पसरलेले असते, तेथे गादी दुर्बळ झाली तरी जीवन थांबत नाही. असबिया होती, पण ती राजवंशात नव्हती. ती गढागढांतून वाटली गेलेली होती.

परंतु ज्या रचनेने कलचुरींना दीर्घायुष्य दिले, तिनेच त्यांचा अंतही सुलभ केला. कल्याणसाय राजाच्या काळची म्हणून सांगितली जाणारी जमाबंदीची वही चिझम या अधिकाऱ्याने १८६८ च्या अहवालात उपयोगात आणली आहे. तिच्यानुसार राज्याचे सैन्य १४,२०० होते. प्रत्यक्षात १७४१ मध्ये नागपूरकर रघूजी भोसल्यांचे सेनापती भास्करराम कोल्हटकर रतनपुरापुढे आले, तेव्हा वृद्ध रघुनाथसिंहाचा किल्ला फारशा प्रतिकाराविना हाती आला. गढ राजासाठी धावून आले नाहीत. रायपूरच्या अमरसिंहालाही १७५० मध्ये युद्धाविनाच बाजूला सारण्यात आले. गढांना गादीची गरज नव्हती. म्हणून त्यांनी ती इतकी वर्षे राहू दिली आणि म्हणूनच ती जाऊही दिली.

येथे एक सामान्य सिद्धान्त हाती येतो. राजवंशाचा अस्त आणि समाजरचनेचा अस्त या दोन भिन्न घटना आहेत. १७४१ हे पहिल्या घटनेचे वर्ष आहे, दुसऱ्या घटनेचे नव्हे. १७५८ पासून रघूजींचे पुत्र बिंबाजी रतनपुरास राहून कारभार पाहू लागले. रतनपूरच्या रामटेकडीवरील राममंदिर त्यांच्याच काळचे आहे. दसऱ्याला सोने वाटण्याची चालही त्यांनीच तेथे रुजविली, असे मानले जाते. राजा परका असला तरी तो प्रजेत राहत होता. १७८७ मध्ये बिंबाजी निवर्तल्यावर ही स्थिती पालटली. प्रदेशाचे धनी नागपुरास राहू लागले, सुभेदारी पैशाच्या बोलीवर दिली जाऊ लागली आणि सुभेदार विठ्ठल दिनकर यांनी गढांच्या जागी परगणे आणून त्यांवर कमाविसदार नेमले. गावाचा गौंटिया उरला. परंतु गाव आणि गादी यांना जोडणारा मधला दुवा तुटला. दक्षिण कोसलाच्या अस्ताची तिथी लावावयाची तर ती या काळात लावली पाहिजे.

टॉयन्बीची परिभाषा वापरावयाची तर सर्जनशील अल्पसंख्य वर्गाचे केवळ सत्ताधारी अल्पसंख्य वर्गात रूपांतर झाले. मात्र टॉयन्बीचे सूत्र येथे अपुरे पडते. ऱ्हास शासकांच्या प्रतिभेचा झाला एवढेच म्हणून भागत नाही. ज्या मध्यस्थ संस्थांतून शासकांना समाजाचा आधार मिळतो, त्या संस्था त्यांनी स्वतःच मोडल्या. परिणामी १८१८ मध्ये इंग्रजी अधीक्षक आला, रतनपूर सोडून रायपूर हे कारभाराचे ठाणे झाले, १८३० मध्ये प्रदेश भोसल्यांना परत मिळाला आणि १८५४ मध्ये तो कायमचा खालसा झाला. या कोणत्याही घटनेत परगण्यांतून गादीसाठी उठाव झाला नाही. परकी सत्तेविरुद्धचा प्रतिकार आला तो जेथे जुनी जमीनदारी रचना शाबूत होती तेथून. सोनाखानचे बिंझवार जमीनदार नारायणसिंह यांना १० डिसेंबर १८५७ रोजी रायपूर येथे फाशी देण्यात आले.

मराठी इतिहासलेखनाने या प्रदेशाकडे बहुधा बंगालच्या मोहिमेतील एक टप्पा म्हणून पाहिले आहे. त्या दृष्टीने १७४१ हे विजयाचे वर्ष ठरते. गढांच्या बाजूने पाहिल्यास विजय व पराजय या दोहोंचा अर्थ बदलतो, आणि नागपूरच्या सत्तेने जे गमावले ते इंग्रजांशी गाठ पडण्यापूर्वीच गमावले होते, हे ध्यानात येते.

सत्ता गेल्यानंतर जे उरते तेही विचारात घेतले पाहिजे. मराठी मातृभाषेच्या माधवराव सप्रे यांनी १९०० मध्ये पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ मित्र’ हे हिंदी मासिक काढले. पुढे ‘दासबोध’ व ‘गीतारहस्य’ हिंदीत आणले. १९२६ मध्ये रायपूर येथे त्यांचे निधन झाले. सुभेदारांची मराठी वसुलीच्या कागदांपुरती राहिली आणि सत्तेबरोबर ओसरली. सप्रे यांची मराठी दुसऱ्या भाषेच्या सेवेत गेली व तेथे फलद्रूप झाली. एखादी संस्कृती दुसऱ्या भूमीत काय मागे ठेवते, हे तिने तेथून किती वसूल केले यावर अवलंबून नसून तेथील जीवनात ती किती मिसळली यावर अवलंबून असते. दक्षिण कोसलाच्या इतिहासाचा हा निष्कर्ष मोठ्या साम्राज्यांनाही लावून पाहण्याजोगा आहे.