सेट उभारायचाय? आधी घर मोजा

प्रश्न : मी गोंदिया जिल्ह्यातल्या चोरखमाऱ्याचा, नुकताच बारावी झालो. चित्रकला बरी आहे. सिनेमाचे सेट उभारायचेत. थेट मुंबई गाठू का?

उत्तर : इतक्यात नको. आधी नागपूरच्या शासकीय चित्रकला महाविद्यालयातून पदवी घ्या, वास्तुकलाही चालेल. कारण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा कलादिग्दर्शनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम पदवीनंतरचा आहे. कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाईसुद्धा १९८७ च्या सुमारास 'तमस' मालिकेवर नितीश रॉय यांच्या हाताखाली राबले. 'लगान', 'देवदास' धरून चार राष्ट्रीय पुरस्कार नंतरचे. हाताखालची वर्षं कुणाला चुकत नाहीत, आणि त्यात पैसा बेताचाच.

तोवर गावातलं एखादं कवेलूचं घर टेपनं मोजा. १:५० प्रमाणात नकाशा काढा. मातीची भिंत पावसानं कुठवर ओलावते, चुलीच्या धुरानं कुठं काळी पडते, तेही रंगवा. सेट खरा वाटतो तो या डागांमुळे, नुसत्या रंगकामामुळे नव्हे. दिवाळीनंतर तुमच्या भागात झाडीपट्टीची नाटकं लागली की दुपारीच मंडपात पोहोचा. पडदे बांधताना हात लावू देतात का, विचारा. लाजू नका. आणि काढलेला एकही कागद फेकू नका, काम मागायला जाताना तेच दाखवायचे आहेत.